मन ओळखणारी आंबील

माझ्या सासरी एक आंबील होती, तिला म्हणे माणसांच्या मनातलं कळायचं. हसू नका. लग्न होऊन खोडाळ्याच्या त्या घरात गेले तेव्हा मलाही हसू आलं होतं, आणि ते जागच्या जागी गिळावं लागलं होतं.

नाचणीचं पीठ संध्याकाळी मडक्यात कालवायचं. तळाशी राखलेली आदल्या दिवशीची आंबील त्यात मिसळायची आणि सकाळी उकळत्या पाण्यात ओतून शिजवायची. आमच्या डोंगरात घरोघरी हेच चालतं, आणि कुणाच्याही आंबिलीला कुणाच्याही मनाशी देणंघेणं नसतं. आमच्या घराण्याचा मात्र तोराच निराळा. कालवणारीचं मन प्रसन्न असेल तर सकाळी ती फुगून वर येणार, मनात अढी असेल तर कडवट होणार, तिला तार सुटणार. सासूबाईंना हे त्यांच्या सासूनं शिकवलं होतं. त्या सासूला कोणी शिकवलं, हे विचारायची कुणाची छाती नव्हती.

रोज सकाळी सासूबाई मडक्यावरचं झाकण उचलायच्या, नाक आत घालायच्या आणि विचारायच्या, "कोणाचा मन बिघडला काल?"

बिघडलेलं मन आम्हा दोन सुनांपैकीच कुणाचं तरी असायचं. वैशाखात मडकं उकाड्यानं आंबट ढाण व्हायचं, म्हणजे सुना रागीट. पौषात गारठ्यानं पीठ हलायचंच नाही, म्हणजे सुना मनातून थंड. एकदा आठवडाभर पावसाची झड लागली, चूल धड पेटेना, घरात मिठाला पाणी सुटलं आणि आंबिलीला तार आली. तेवढ्यावरून थोरल्या जाऊबाईंना माहेरी धाडलं. महिन्याभरानं परत आल्या त्या बोलणंच विसरून आल्या. घरातल्या चार शहाण्या माणसांनी आभाळाकडे एकदा मान वर करून पाहिलं असतं तर काय बिघडलं असतं? पण नाही. मडक्यात बघायची सवय लागली की माणसाला आभाळ दिसत नाही.

आणि घरात खरोखर जर कुणाचं मन आंबलेलं होतं, तर ते मामंजींचं. ते जव्हार संस्थानच्या कचेरीत कारकून होते. संस्थान विलीन झालं, नवे साहेब आले आणि मामंजींना घरी बसवलं. तेव्हापासून ते बाजारात भेटेल त्याला सांगत, "विलीनीकरण झाला आणि माझा घास गोड लागत नाय." हे सांगून घरी येत आणि तीन वाडगे आंबील रिचवत. चौथा वाडगा सासूबाई न विचारता भरत. एवढा मोठा दुःखी माणूस घरात, पण आंबिलीला त्याचा कधी पत्ता लागला नाही. का लागावा? त्यांनी मडक्याला कधी बोट लावलं असेल तर ना.

मी जव्हारला राहून सातवीची फायनल पास झालेली. पाड्यापाड्यांवर शाळा निघत होत्या, मास्तर मिळत नव्हते, मास्तरीण तर औषधालाही नव्हती. माझं ट्रेनिंगला नाव लागलं. मला जायचं होतं. इतकं जायचं होतं की भाकरी थापतानासुद्धा मी मनातल्या मनात फळ्यावर अक्षरं काढत असे. आमचे हे स्वतः मास्तर. शाळेत पोरांना स्वातंत्र्याचे धडे शिकवून यायचे आणि घराचा उंबरा ओलांडला की मूग गिळायचे. मी त्यांना म्हटलं, "घरात शब्द टाका." ते म्हणाले, "आई बघेल."

आई म्हणजे मडकं. ठरलं असं की संध्याकाळी मी एकटीनं पीठ कालवायचं, आणि सकाळी काय ते कळेल. मी कालवलं. मनात काय होतं म्हणाल तर संताप होता, नुसता संताप. तो आंबिलीत उतरता तर मडकं फुटायला हवं होतं.

सकाळी झाकण निघालं. आंबील टम्म फुगलेली, वास असा गोड की सगळ्यांच्या तोंडाला पाणी सुटलं. मी खुळी! मला वाटलं, सुटले.

सासूबाई म्हणाल्या, "बघा, हिचा मन या घरात कसा रमलाय. हिला कशाला घालवायची?"

आंबील शिजल्यावर ह्यांनी वाडगा तोंडाला लावला आणि खाली ठेवताना आणखी मागितली.

"आणि बिघडली असती तर, आत्याबाई?" मी सासूबाईंना विचारलं.

"तर बिघडल्या मनाची बाय कोण बाहेर धाडील?"

म्हणजे फुगली तरी मी घरात, नासली तरी मी घरात. इतकी वर्षं ह्या मडक्यापुढे माना खाली घालून बायका उभ्या राहिल्या त्या ह्यासाठी! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मामंजी ओसरीवर जेवत होते. मी दाराआड उभी राहून त्यांना ऐकू जाईल अशा बेतानं म्हणाले, "आत्याबाई, धाडायचं की नाही ते शेवटी मामंजी ठरवणार. मग मन त्यांचंच बघायला हवं. आज पीठ मामंजींना कालवू दे."

मामंजींचा वाडगा अर्ध्यात थांबला. आंबील नासली तर घरातलं नासकं मन त्यांचं ठरणार होतं. आणि फुगली तर? मग संस्थानाचं दुःख कुठं गेलं? बाजारात कोणत्या तोंडानं सांगणार? आम्ही बायका ज्या खोड्यात रोज सकाळी अडकायचो, त्यात पहिल्यांदाच एका पुरुषाचा पाय पडत होता. आणि गंमत म्हणजे त्या माणसाचा आंबिलीवर पुरता विश्वास होता. हात पुसत ते घाईघाईनं उठले.

"जाऊ दे तिला," ते म्हणाले. "सरकारी काम हाय. आपण आडवं कशाला यायचं?"

आणि ते चपला घालून बाजाराकडे निघून गेले.

मी निघाले त्या संध्याकाळी सासूबाई चुलीपाशी मडकं घेऊन बसल्या होत्या. मी पाया पडले. त्यांनी आशीर्वाद दिला नाही. माझ्याकडे बघत राहिल्या आणि हळूच म्हणाल्या, "मला तवा हे सुचला नाय, बाय."

मला त्यांची दया यायला हवी होती. आली नाही. तुम्हाला तेव्हा सुचलं नाही, ठीक आहे. आता तर कळलंय ना?

सासूबाईंनी डोळे पुसले, पिठाचं सूप पुढे ओढलं आणि जाऊबाईंना हाक मारली, "ये गं, कालवायला बस."