मध्यंतरापर्यंतचा सिनेमा

आषाढ लागला त्या दिवशी गावाकडून, जवळा बाजारहून फोन आला, "शेवंतामावशी गेली." मी 'बरं' म्हणालो आणि फोन ठेवला... बरं काय, डोंबलाचं!

मावशी नात्यातली नव्हे. माझा जिवलग दोस्त दिगंबर, त्याची ही आई. दिगूला लढाईच्या हिंदी सिनेमांचं भारी वेड. नवा लागला की आम्ही एसटीनं वसमत गाठायचो. पडद्यावर झेंडा फडकला की हा पठ्ठ्या खुर्चीवर उभा, आणि मागचे लोक शिव्या घालायचे. पुढं तो खरोखरच फौजेत गेला, आणि नव्वदच्या दशकातल्या एका हिवाळ्यात तिरंग्यात गुंडाळलेला गावी आला.

वर्षभरानं वसमतच्या टॉकीजवाल्यांनी मावशीला बोलावलं. नवा युद्धपट आणि मध्यंतरात वीरमातेचा सत्कार. सोबत मी होतो. पडद्यावर छावणीतली पोरं एकमेकांची टर उडवत होती, आणि मावशी तोंडाला पदर लावून चक्क हसत होती! मध्यंतरात शाल-नारळ झाला. सूत्रसंचालक माइकवर गरजला, "धन्य ही माता! डोळ्यांतून टिपूसही गाळलं नाही!" टाळ्यांचा नुसता कडकडाट. मावशीनं माइक ओढूनच घेतला.

"कोन म्हनलं? लई रडले मी. आजूनबी रडते. देशाचं व्हतं, तसं माझंबी लेकरू व्हतं की!"

मला कुणाचा इतका अभिमान आयुष्यात वाटला नाही.

मग ती सरळ दाराकडं निघाली.

"मावशी, अर्धा बाकी हाय!"

"फुडं काय व्हतंय ते ठावं हाय मला. इथवर लेकरं हसून राहिलीत. तेवढंच बघू."

तेव्हापासून लढाईचा सिनेमा लागला की ती मला घेऊन जायची आणि मध्यंतराला उठवायची. मी कुरकुरायचो. त्या काळातल्या एकाही युद्धपटाचा शेवट मला ठाऊक नाही, बोला! परतीच्या एसटीत मात्र ती दिगूबद्दल बोलायची. "दिगूला वांगं आवडत न्हाई," म्हणायची. आवडत नव्हतं, असं तिच्या तोंडून कधी आलं नाही... आणि मीही 'व्हय' म्हणायचो.

परवा पंधरा ऑगस्टला टीव्हीवर तोच, सत्काराच्या दिवशीचा सिनेमा लागला. बायको रंगून गेली होती. मध्यंतराची पाटी आली तसा मी उठलो आणि टीव्ही बंद केला.

"अहो, काहून बंद केला? फुडं काय होतं?"

"काई होत न्हाई," मी म्हणालो. "समदे मजेत हायेत."