मादाम फ्रेंचमध्ये बोलल्या ती दुपार

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, आईला नाही, ज्या सरांच्या हाताखाली पीएच.डी. केली त्यांना तर नाहीच नाही. सांगणार तरी काय? ऐकायला इतकं फुसकं वाटतं, की समोरचा म्हणेल, "एवढंच ना? अगं, सोड!" — आणि तेच मला नकोय. सोडून देण्यासारखं असतं तर मी केव्हाच सोडलं असतं.

आधी सोलांजबद्दल सांगते. हे तिचं खरं नाव नाही. तेवढी तरी लाज राखते. सिनेमा नुकता बोलायला लागला होता, तेव्हाची ही फ्रेंच नटी. लियाँच्या नाटक कंपनीतून पॅरिसला आली, दोन-तीन वर्षांत सहा बोलपट केले आणि गायब. पुढे लग्न, एक मुलगी, कुठल्याशा बंदराच्या गावात शिवणकाम — एवढंच कागदोपत्री सापडतं. तेव्हाचं शूटिंग म्हणजे छळच. माईक फुलदाणीत लपवलेला, मान वळवली की आवाज गेला, आणि कॅमेऱ्याची घरघर ऐकू येऊ नये म्हणून तो एका बंद पेटीत कोंडलेला. त्यातही ही बाई हातमोज्यांच्या दुकानातली विक्रेती अशी करते, की वाटावं, आता आपल्याच हातात मोजा चढवून दाखवेल! मी तिच्यावर चार वर्षं घालवली. माझ्या अख्ख्या थीसिसचा एकच प्रश्न होता — इतकं छान चाललेलं असताना तिने सिनेमा का सोडला?

आता माझं फ्रेंच. पुण्यात अकरावीला फ्रेंच का घेतात, हे पुणेकरांना सांगायला नको. स्कोअरिंग! क्रियापदांचे तक्ते घोकायचे, ठरलेलं पत्र आणि ठरलेला निबंध लिहायचा, मार्क घेऊन मोकळं व्हायचं. मीही तेच केलं, मग तशाच घोकून पुढच्या परीक्षा दिल्या. वाचायला मला आजही काहीही द्या — जुनं वर्तमानपत्र, करारपत्र — फडाफडा वाचीन. पण कुणी तोंडाने बोलायला लागलं की दुसऱ्याच वाक्याला मी मागे पडते. कळत नाही. म्हणजे थोडंथोडं कळतं वगैरे नाही, खरंच कळत नाही. आणि सिंगापूरच्या विद्यापीठात मला जागा मिळाली ती कशावर? "फ्रेंच उत्तम" यावर. झाकली मूठ सव्वा लाखाची, म्हणून मी ती झाकूनच ठेवली.

सोलांजची मुलगी इथेच सिंगापुरात राहते हे कळलं, तेव्हा वुडलँड्सच्या त्या भाड्याच्या खोलीत मी अक्षरशः उड्या मारल्या. ही मुलगी, म्हणजे मादाम, ऐंशीच्या पुढच्या. नवरा इथलाच, चिनी, तो वारलेला. ईस्ट कोस्टला समुद्राजवळच्या एका कॉन्डोत, म्हणजे महागड्या सोसायटीतल्या फ्लॅटमध्ये, मुलाच्या कुटुंबाबरोबर राहायच्या. चाळीसहून जास्त वर्षं इथे काढलेली, इंग्लिश माझ्यापेक्षा चांगलं. दारातच त्यांनी हसून विचारलं, इंग्लिशमध्ये बोलू या की फ्रेंचमध्ये?

आणि मी काय म्हणाले? "फ्रेंचमध्येच की!" — तेही फ्रेंचमध्ये, झोकात.

का? कोण परीक्षा घेत होतं माझी? म्हातारीचा चेहरा असा काही फुलला! मुलगा एड्रियन इथल्याच शाळेत शिकलेला, त्याला चार शब्दांपलीकडे आईची भाषा येत नव्हती. घरात बोलायला तिला कुणीच नव्हतं. तिचा तो आनंद बघून मला माघार घेववेना... नाही, हेही खोटंच. आनंद नंतर दिसला. त्याआधीच मला मिरवायचं होतं.

त्या अडीच तास बोलल्या. आधी माझा फोन बंद करायला लावला — रेकॉर्ड करायचं नाही, एवढं मला कळलं, कारण त्यांनी फोनकडे बोट दाखवलं. मग आईबद्दल बोलत राहिल्या. हसल्या. एकदा उठून आईची चाल करून दाखवली. मग त्यांचा आवाज बारीक झाला आणि त्या रडायला लागल्या. माझा हात धरून काहीतरी सांगितलं — हळूहळू, मध्येच थांबत. पहिल्यांदाच तोंडातून काढतोय अशी गोष्ट माणूस सांगतो ना, तसं. मला काय कळलं? "आई." "कधीच नाही." "लियाँ." "दार." बस्स. मी मान डोलावत होते. योग्य जागी चुकचुकत होते, देवा! शेवटी त्यांनी मला काहीतरी विचारलं आणि माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या. मी "हो" म्हटलं. कशाला हो म्हटलं, ते मला आजतागायत माहीत नाही.

"मादाम, माफ करा, मला कळलं नाही, इंग्लिशमध्ये सांगाल?" एवढंच म्हणायचं होतं. जीभ झडली असती का माझी?

परत जायचं ठरवलं होतं. या आठवड्यात, पुढच्या आठवड्यात... पण जाऊन म्हणणार काय? तुम्ही कशासाठी रडलात ते मला कळलंच नव्हतं, असं? तेवढ्यात थीसिसचं प्रकरण द्यायची तारीख आली, स्टुडंट पास, म्हणजे इथे राहायची परवानगी, संपत आला, सर रोज विचारायला लागले. आणि मी लिहिलं. लिहिलं, की सोलांजचा आवाज बोलपटाला मानवला नाही; उच्चार अस्पष्ट, बोलणं तोंडातल्या तोंडात, म्हणून तिला कामं मिळेनाशी झाली. कशावरून? तर एका जुन्या वर्तमानपत्रातल्या दोन तिरकस ओळी आणि "माझं स्वतःचं श्रवण". गंमत ऐका. सहांपैकी चार सिनेमांना सबटायटल्स होती, त्यांत मला तिचा आवाज गोड वाटला होता. दोन सिनेमांना नव्हती, त्यांत म्हणे ती अस्पष्ट बोलते! नाचता येईना, अंगण वाकडं. आणि एवढ्याने भागेना म्हणून खाली तळटीप टाकली — अभिनेत्रीच्या मुलीने प्रत्यक्ष भेटीत याला दुजोरा दिला.

हो. मेलेल्या बाईचा आवाज वाईट ठरवला, आणि जिवंत मुलीला त्याची साक्षीदार केलं. हा माझा गुन्हा.

आमच्या धंद्यात असल्या तळटिपा कुणी तपासत नाही. तपासणार कशा? सरांनी तर नेमकं त्या तळटिपेचंच कौतुक केलं. डिग्री मिळाली, नोकरी मिळाली, लग्न झालं, टॅम्पिनीसला फ्लॅट भाड्याने घेतला. आता कुणीही सोलांजची माहिती शोधली, की पहिल्या चार ओळींत माझंच वाक्य येतं. असा संताप होतो! एकाने तरी शंका काढावी. एखाद्या फ्रेंच येणाऱ्याने अर्धा तास काढून त्या दोनांतला एक सिनेमा ऐकावा आणि मला जाहीर खोटं पाडावं. पण नाही, सगळे शहाणे माझाच दाखला देतात, आणि मला मेलीला परिषदांना बोलावतात.

मादाम गेल्या, त्याला दोन वर्षं झाली. महिन्याभराने एड्रियनचा फोन आला. म्हणाला, आजीने सिनेमा का सोडला हे मी आईला कितीदा तरी विचारलं, तिने कधी सांगितलं नाही, अगदी शेवटी म्हणाली, "मी त्या इंडियन मुलीला सगळं सांगितलंय. तिला विचार." तर आता तो मला विचारत होता.

मी त्याला माझा थीसिस पाठवला. पान क्रमांकासकट.

त्याने मनापासून आभार मानले. तेव्हापासून तो मला घरचीच समजतो, सणावाराला बोलावतो. मागच्या रविवारीही बोलावलं होतं. त्याची मुलगी क्लेअर चौदा वर्षांची आहे. शाळेच्या नाटकात तिला मुख्य काम मिळालं होतं. जेवताना मी सहज विचारलं, तालीम कशी चाललीय? ती म्हणाली, सोडलं, बॅकस्टेजला गेले. का गं? तर चिकन राइसमधला काकडीचा तुकडा बाजूला सारत म्हणाली, "ग्रेट-ग्रँडमा ऑल्सो कॅनॉट, व्हॉट. अवर फॅमिली व्हॉइस लाइक दॅट, लाह. यू रोट इट, आंटी." पणजीलाही जमलं नव्हतंच की, आमच्या घराण्याचा आवाजच तसा, तुम्हीच तर लिहिलंय — इथल्या मुलांचं इंग्लिश हे असं.

एड्रियन हसला. त्याची बायको हसली. क्लेअर नाही हसली. ती माझ्याकडे बघत होती. या वेळी सगळं इंग्लिशमध्ये होतं आणि शब्द न् शब्द मला कळला होता.

मी तिला म्हटलं, बॅकस्टेजचं कामही महत्त्वाचं असतं.