भिंतीवरची हळदीची बोटं

परवा रंगारी भिंत खरवडत होता. ओल्या चुन्याच्या वासात, जुन्या खिळ्याखाली हळदीची पाच बोटं वर आली. मुलुंडचा हा ब्लॉक बाबांनी कर्ज काढून घेतला तेव्हा मी शाळेत होते. आईला ठाऊक होती ती चाळीतली भिशी; तिथे भरलं तेवढं आपलं. म्हणून हप्त्यांचं एक वर्ष सरलं, की ती एका भिंतीवर हळदीची बोटं उमटवायची आणि म्हणायची, "ही सुटली गं, आता हिला खिळा मार." तिसऱ्या वर्षी ती वाटीत हळद कालवून उभी होती, तेवढ्यात बाबा बँकेतून आले आणि चपलाही न काढता म्हणाले, "नको लावूस. भरलं ते बहुतेक व्याजातच गेलं. मुद्दल जवळजवळ होतं तेवढंच आहे." आईने हळूच विचारलं, "मग त्या दोन भिंती?" बाबा वाकून चपला काढू लागले. "अहो, फिटेल तेव्हा तुमचं वय किती असेल? आणि मध्येच तुम्हाला काही झालं तर?" मी भिंतीला टेकलेली पाठ चटकन काढून घेतली. त्या दिवसापासून बाबा नुसते खोकले, तरी आम्ही दोघी हातातलं काम थांबवून त्यांच्याकडे बघायचो. कर्ज केव्हाच फिटलं. बाबा त्यानंतर कितीतरी वर्षांनी गेले. "ताई, हा खिळा काढू ना?" रंगाऱ्याने विचारलं. "थांब जरा," मी म्हटलं, आणि आतल्या रिकाम्या खोलीत कोणी खोकतंय का, ते ऐकत राहिले.