शाहीनशी राहिलेली लढत

मोनाली गवईला झोप लागत नाहीये, आणि पुरती जागही राहत नाहीये. दुपारचं ऊन हॉटेलच्या जाड पडद्याला बाहेरून टेकलंय आणि खोलीत ताकाच्या निवळीसारखा फिकट उजेड साचलाय. पोटभर वरणभात झालाय. तिच्या कोचनी, तेलगोटे सरांनी, तिचा फोन काढून घेतलाय आणि दार ओढून घेताना बजावलंय, की गुमान डोळे मिटून पड, उठवाले मी येतो.

संध्याकाळी लढत आहे. देशात बायकांच्या व्यावसायिक बॉक्सिंगच्या दोन संघटना, दोन्हींचे पट्टे वेगळे, विजेत्याही वेगळ्या. या वजनगटातला एक पट्टा अकोल्याच्या मोनालीकडे आहे, दुसरा सोनीपतच्या मंजू धनखडकडे. आज दोन्ही पट्टे एकाच कमरेला बसणार. पेपरवाले सगळ्यात मोठी लढत म्हणतायत. मोनालीच्या लेखी मात्र ही उरलीसुरली लढत आहे. खरी व्हायची होती ती गेल्या वर्षी, मिरजेच्या शाहीन मुजावरशी. दुसरा पट्टा तेव्हा शाहीनकडे होता. तारीख ठरली, पोस्टर लागली, आणि लढत तोंडावर आलेली असताना शाहीन डेंग्यूच्या तापानं गेली. तिच्या रिकाम्या झालेल्या पट्ट्यासाठी मग दुसऱ्या मुली लढल्या आणि तो मंजूकडे गेला.

मोनालीकडे काय राहिलं, ते कुणी विचारलं नाही. महिनोन् महिने तिनं शाहीनच्या लढतींचे व्हिडिओ बघितले होते. शाहीन डावखुरी. मारायच्या आधी ती उजवा खांदा इवलासा उचलते, दमली की नाकानं सुस्कारा सोडते, हे सगळं मोनालीच्या अंगात मुरलं होतं. सख्ख्या बहिणीची चाल तिला इतकी ओळखता आली नसती. आणि तीच बाई गेली. तेव्हापासून मोनालीचा ठोसा निघतो, पण पोचायच्या आधीच मागे वळतो. सरावाला समोर कुणीही असो, तिला शाहीनचा डावा हात दिसतो. सर म्हणतात, दमली तू, दुसरं काही नाही. आजची लढत कशीबशी उरकायची आणि ग्लोव्ह्ज खुंटीला टांगायचे, असं तिनं ठरवलंय. सांगितलं मात्र कुणाला नाही.

पलंग जरासा हलतो, तळ्यातल्या डोंग्यासारखा. कूलरची घरघर लांब जाते.

"पाय काढ की जरा," कुणीतरी म्हणतं. "बसू दे."

मोनाली पाय आखडून घेते. पायथ्याशी एक बाई बसते आणि हाताला बँडेज गुंडाळायला लागते. आधी डाव्या हाताला. मोनालीला चेहरा बघायची गरजच पडत नाही. शाहीन मेलीय हेही तिला आठवतं, पण त्याचं विशेष काही वाटत नाही. गावाला गेलेलं माणूस चार दिवसांनी परत यावं, तेवढंच वाटतं.

"तू कधी आली?" मोनाली विचारते.

"मगाशीच. तू घोरत हुतीस."

"मी घोरत नाही."

"घोरतीस," शाहीन म्हणते आणि बँडेजचं टोक दातात धरून ताणते.

मोनाली उठून बसते. तिच्या पायाखाली हॉटेलची सतरंजी नाही, कोबा आहे. अकोल्याची टिनाची शेड, जिथं सरांनी तिला पहिल्यांदा उभं राहायला शिकवलं. शेजारच्या जिनिंगमधून उडालेला कापूस हवेत तरंगतोय, खाली मात्र बसत नाही. शेडच्या वाशांना मारायच्या पिशव्या टांगल्यात. नीट बघावं तर त्या पिशव्या नाहीत, मोठाले वाळलेले भोपळे आहेत, सतारीला लावतात तसले. शाहीनच्या गल्लीत सतारी बनवणाऱ्यांकडे असेच टांगलेले असतात म्हणे. एकाला शाहीन बोटानं टिचकी मारते आणि भोपळा आतून घुमतो.

मोनालीला वर्षभर एक गोष्ट छळत आलीय. दोघी समोरासमोर आल्या त्या एकदाच, लढतीच्या थोडे दिवस आधी, फोटोसाठी. नाकाला नाक भिडवून उभं राहायचं आणि खाऊ की गिळू असं बघायचं, असं त्यांना सांगितलेलं. त्या उभं राहण्यात शाहीनचे ओठ हलले होते. फोटोवाल्यांच्या गलक्यात मोनालीला एक अक्षर ऐकू आलं नाही. तेव्हा तिला वाटलं, धमकी दिली असेल, किंवा शिवी. शाहीन गेल्यावर मात्र त्या न ऐकलेल्या शब्दांनी तिचा पिच्छाच पुरवला. तेव्हाच अंगात कणकण असेल का तिच्या? काही सांगायचं असेल का? कुठं सांभाळून घे, असं काही? निम्म्या रात्री जाग यायची आणि ते हलणारे ओठ दिसायचे.

"फोटोच्या वेळेस," मोनाली म्हणते. "तू मले काय म्हणाली होती?"

शाहीन आठवायला लागते. कपाळाला आठ्या पडतात, मग त्या जातात.

"ते व्हय? म्हणलं, दातात कोथिंबीर अडकलीया तुझ्या. हसू नगंस."

मोनालीची जीभ आपोआप दातांवरून फिरते.

"खरंच," शाहीन म्हणते. "एवढी हिरवीगार काडी. मला वाटलं, हसली तर उद्या पेपरात येईल बिचारीची."

आधी मोनालीच्या नाकातून हवा सुटते. मग खांदे हलायला लागतात. मग ती कोब्यावर फतकल मारून बसते आणि पोट धरून हसत सुटते, इतकी की डोळ्यांतून पाणी येतं. वर्षभर उशाशी घेतलेला धोंडा उचलून बघावा आणि तो पाव निघावा, तसं तिला होतं. शाहीनही हसते. वरचे भोपळे दोघींच्या हसण्यानं हळूहळू घुमतात.

"चल," शाहीन हात पुढं करते. "राहिलंय ते उरकू."

दोर बांधलेलेच आहेत. दोघी आत शिरतात. पंच नाही, घंटा नाही, माणसं नाहीत. रिंगच्या एका बाजूला रेल्वेचा फलाट लागलाय, बाकड्यांवर ऊन पडलंय. मिरज जंक्शन असावं. फलाटावर गाडी नाही आणि यायची घाईही कुणाला दिसत नाही.

शाहीन उजवा खांदा इवलासा उचलते. मोनालीला ते दिसतं, अंग आपोआप बाजूला सरतं, डावा हात कानाजवळून जातो. हे तिनं हजारदा करून ठेवलंय. आता तिचा उजवा मोकळा आहे, शाहीनची हनुवटी उघडी आहे. ती मारते. आणि ठोसा नेहमीसारखा वाटेतच मरतो, शाहीनच्या गालाला नुसता टेकतो.

शाहीन हात खाली सोडते. "हे काय? भाकरी थापतीस व्हय?"

"मेलेल्या बाईले काय मारू?"

"मग काय सुतकाला आलीस हितं?" शाहीन खरोखरच रागावलीय. "मी सहा महिने घाम गाळला. तुझ्यासाठी. अम्मीच्या हातची बिर्याणी सोडली, थोरल्या भावाच्या लग्नात काकडी खाल्ली. ते सगळं वाया घालवतीस? मार नीट."

मोनाली हात वर घेते. शाहीनचा खांदा पुन्हा उचलतो, मोनाली पुन्हा सरकते, आणि या खेपेला तिचा उजवा कुठंही न थांबता जातो. टाचेतून निघतो, कमरेतून फिरतो आणि पोचतो. शाहीन एका गुडघ्यावर बसते. दातांवर माउथगार्ड असूनही तिचं हसू दिसतं. ती उठते, नाकानं सुस्कारा सोडते आणि पुढच्याच क्षणी तिचा डावा मोनालीच्या बरगडीखाली बसतो. मोनालीचा श्वास तुटतो. दुखतं, आणि त्या दुखण्यानं तिला इतकं बरं वाटतं की तिला शाहीनच्या गळ्यात पडावंसं वाटतं. ती पडत नाही. मारते. शाहीन मारते. फलाटावरचं ऊन सरकत दोरांपर्यंत येतं, पायाखाली कापूस साचतो, आणि कितीतरी वेळ त्या दोघी जे करायला जन्मल्यासारख्या वाटतात तेच करत राहतात.

मग दोघी फलाटाच्या बाकड्यावर बसलेल्या असतात. मांडीवर ओले टॉवेल आहेत.

"गुणांवर मी जिंकले असते," शाहीन म्हणते.

"जा व. गुडघ्यावर कोण बसलं होतं?"

"एकदाच. बाकी सगळ्या फेऱ्या माझ्या."

"तुह्या मते."

"माझ्या मते," शाहीन कबूल करते, आणि तो विषय तिथंच संपतो. पाटावरून पाणी सांडावं आणि पुसलं जावं, इतक्या सहज.

मोनाली टॉवेलशी चाळा करते. विचारू की नको, असं तिचं होतं. शेवटी विचारतेच.

"जाताना लय त्रास झाला काय?"

शाहीन फलाटाच्या टोकाकडे बघते. "ताप हुता. सगळं अंग ठणकत हुतं. अम्मी कपाळावर पाण्याची घडी ठेवत हुती. मग एकदा तिनं ठेवली आणि लई गार वाटलं. एवढंच." थोडं थांबून ती म्हणते, "तू आली नाहीस मिरजेला."

"कोणत्या तोंडानं येऊ? तुह्या घरच्यांसाठी तर मी वैरीण."

"वैरीण कशाची? आमच्या घरात तुझेच व्हिडिओ चालायचे सकाळ-संध्याकाळ. अम्मी म्हणायची, ही विदर्भाची पोरगी हितंच राहते की काय. तू बिना दुधाचा चहा पितीस, ते पण ठाऊक हाय तिला. जाऊन ये एकदा. तुला बघून तिला रडू येईल, पण जेवायला वाढंल."

मोनाली मान हलवते. आपण एकटीच कुणाला तरी इतकं पाठ करत होतो, असं वर्षभर तिला वाटत आलेलं. तिकडे मिरजेत एका पडद्यावर आपणही रोज हलत होतो, हे तिच्या कधी मनातच आलं नव्हतं.

"मी सोडणार आहे," ती म्हणते. "आजची झाली की बंद."

"सोड की. पण माझ्या नावावर नगंस सोडू."

"आणि पट्टा? तुहा होता तो."

"मढ्याच्या कमरेला पट्टा शोभतो व्हय? जिंकलीस तर तू घाल, न्हाईतर ती घालंल. माझं काय जातंय." शाहीन तिच्याकडे वळून बसते आणि आता तिचा आवाज थट्टेचा नाही. "आणि एक ऐक. त्या मंजूशी माझ्यासारखं लढू नगंस. ती उजव्या हाताची हाय. मी तिच्यात न्हाई. तू प्रत्येकीत मलाच हुडकत बसतीस आणि भलतीकडनं मार खातीस. माझी लढत झाली. आता जी समोर हाय तिच्याकडं बघ."

कुठूनतरी एका बाईची हाक येते, जेवायला बोलवतात तशी, आणि शाहीन "आले" म्हणून उठते. उठता उठता थबकते.

"थांब. हितं तुझं कातडं पातळ हाय," ती म्हणते. "मी तिथंच मारणार हुते, म्हणून सांगते. नागपूरच्या लढतीत फाटलं हुतं, बघितलंय मी."

तिच्या अंगठ्यावर व्हॅसलीनचा गोळा आहे. ती वाकते आणि मोनालीच्या डाव्या भुवईवर नाकाकडून कानाकडं अंगठा ओढते, जरा दाबून, ठोसा घसरावा म्हणून रिंगच्या कोपऱ्यातली माणसं ओढतात तसा. अंगठा गार आहे.

कुलपात किल्ली फिरते.

"उठ व मोनाली. गाडी येऊन रायली खाली."

पडद्याची एक बाजू सरते, आणि तिरपं, पिवळं ऊन पलंगावर येऊन पडतं. मोनाली डोळे उघडते. खोली खोलीच आहे. पायथ्याशी कुणी नाही. ती हळूच उजव्या हाताची मूठ वळून बघते, खांदा फिरवते. हात हलका आहे, विहिरीत अडकलेला पोहरा मोकळा व्हावा तसा. आणि तिला भूक लागलीय.

"केळं हाय काय, सर?"

तेलगोटे सर दचकून तिच्याकडे बघतात. या वर्षात लढतीच्या दिवशी तिनं स्वतःहून मागून काही खाल्लेलं त्यांना आठवत नाही. ते पिशवीतून केळं काढून देतात आणि देता देता वाकून तिच्या तोंडाकडे निरखून बघतात.

"हे काय लावलं व भुवईले?"

मोनाली बोट लावते. बोट घसरतं. डाव्या भुवईवर, नाकाकडून कानाकडे, अंगठ्याएवढ्या रुंदीचा जाड, गार थर आहे.

सर तिच्या हातांकडे बघतात. ते कोरडे आहेत. मग आपल्या पिशवीत हात घालून डबी काढतात. आजच्यासाठी आणलेली व्हॅसलीनची नवी डबी, झाकणाखालचा कागद तसाच ताणलेला. ते डबीकडे बघतात, तिच्याकडे बघतात. "मी तर अजून उघडलीबी नाही," ते स्वतःशीच म्हणतात. "कोणी लावलं?"

मोनाली केळं सोलते. एक मोठा घास घेते, चावते, गिळते. मग मान वर करून सरांना म्हणते,

"रिंगजवळ गेलं की फक्त उजवीले लावा, सर. डावी झाली."