पाच वितींचा उंबरा

सौंसर सोडताना माझ्याजवळ एक बॅग, संत्र्यांची एक करंडी आणि पुष्कळसा वैताग होता. ज्या मैत्रिणीकडे चार दिवस राहिले, तिच्याकडे रोज कुणी ना कुणी न सांगता जेवायला टपकायचं आणि ही बया हसत हसत आणखी एक पाट मांडायची. मला हे जमत नाही. साताऱ्यात आमच्याकडे टीव्ही आल्यापासून रविवारी संध्याकाळी अर्धी गल्ली घरात शिरायची, म्हणून मी दाराला साखळीच बसवून घेतली. आलेल्याशी फटीतून बोलते.

पांढुर्ण्याहून माझी गाडी संध्याकाळची होती. दुपारच्या बसमध्ये तिघांच्या बाकावर रामाकोन्याचं एक शेतकरी जोडपं आधीच बसलं होतं, नामदेवराव आणि शांताबाई. दोघांच्या मांडीवर धुवट धोतरात गुंडाळलेली जाड फळी होती. मी बसले तसं तिचं टोक माझ्या मांडीवर आलं.

"हे जरा खाली ठेवता का?" मी म्हणाले.

"खाली नाई ठेवता येत, बाई," नामदेवराव शांतपणे म्हणाले. "देव हाय थो."

मग मला पाहुणपंथ कळला. या पंथाची मोजकी घरं या भागात आहेत. त्यांच्या देवाला मूर्ती नाही, देऊळ नाही. देव कायमचा पाहुणा. म्हणून त्याचा फक्त उंबरा (उंबरठा), सागवानाचा, वर्षभर एका घरी राहतो आणि मग जो बोलावील त्याच्या दाराशी बसवायला नेतात. वाटेत मातीला टेकला, किंवा निघाला त्या दिवशी सूर्य बुडायच्या आत बसला नाही, तर जुन्याच घरी वर्षभर परत.

"अवं, पांढुर्ण्याचे मास्तर अकरा वर्षांपासून बोलावून राहिले," शांताबाई म्हणाल्या. "दरसाली दुसऱ्याचाच नंबर लागे. मास्तरीणबाईनं यंदा दिवाळीपासून घर सारवून ठेवलं."

बाहेर संत्र्याच्या बागा सरकत होत्या. फळांनी वाकलेल्या फांद्यांना बांबूचे टेकू दिलेले. मध्येच कापसाने शिगोशीग भरलेल्या बैलगाड्या. मी करंडी उघडली. तिघांनी देवावर सालं न सांडता संत्री खाल्ली, आणि माझा वैताग कुठे गेला ते कळलंच नाही.

वाटेत टायर पंक्चर झालं. सगळे उतरले, आम्ही तिघं फळी धरून तसेच बसलो. चाक बदलेपर्यंत ऊन कलायला लागलं होतं आणि माझ्या पायांना मुंग्या आल्या होत्या. पांढुर्ण्याला उतरताना शांताबाई म्हणाल्या, "घरापर्यंत चला नं बाई. आमचे हात थकले." गाडीला वेळ होता. गेले.

जाम नदीच्या बाजूला मास्तरांचं मातीच्या भिंतींचं घर. पलीकडे सावरगाव दिसत होतं. दाराचा जुना उंबरा काढून जागा मोकळी केलेली, अंगणभर रांगोळी, शेजारपाजार गोळा झालेला. आम्ही फळी दाराशी नेऊन चौकटीसमोर धरली. फळी चौकटीपेक्षा चांगली वीतभर लांब होती!

"मी पत्रात पाच विती लिवलं होतं," नामदेवराव म्हणाले.

"पाचच तर मोजल्या!" मास्तर म्हणाले.

दोघांनी पंजे समोरासमोर धरले. नामदेवरावांचा नांगर धरलेला, सुपाएवढा. मास्तरांचा खडू धरणारा. या पंथात उंबऱ्याला पट्टी लावत नाहीत, हातानेच मोजतात. पण कुणाच्या हाताने, हे कुणी लिहिलंच नव्हतं. मला हसू फुटलं. पण मास्तर मटकन अंगणातच बसले.

"देवाले कापता येत नाई," ते म्हणाले. "अकरा वर्षं झाली. अजून एक."

सूर्य नदीपलीकडच्या झाडांना टेकत होता. विमलबाई, म्हणजे मास्तरीणबाई, आत गेल्या आणि सब्बल (पहार) घेऊन आल्या.

"देव मोठा हाय तर घर मोठं करा," त्या म्हणाल्या. "रडत काहून बसले?"

पहिला घाव त्यांनीच घातला, स्वतः सारवलेल्या भिंतीवर. मग काय विचारता! कुणी कुदळ आणली, कुणी करवत. चौकटीचे पाय कापले, दोन्ही बाजूंची माती खोदली. धुळीने सगळे पांढरे झाले, रांगोळीचा पार चुराडा. विमलबाई खोकत होत्या आणि हसत होत्या. आम्ही तिघं फळी धरून उभे. स्टेशनाकडून शिट्टी ऐकू आली. माझी गाडी गेली. खरं सांगते, मला काडीचंही वाईट वाटलं नाही.

शेवटची तांबूस तिरीप भिंतीवर असताना उंबरा बसला. आता पंथाच्या रीतीप्रमाणे पहिलं पाऊल, ज्याचं गावात कुणी नाही त्याचं. सगळे माझ्याकडे पाहायला लागले.

"या नं, बाई," विमलबाई म्हणाल्या.

मी उंबरा ओलांडला. माझ्या धुळीच्या पायांवर त्यांनी कोमट पाणी घातलं. मग बेसनाच्या पातोडीची झणझणीत रस्सेदार भाजी आणि भाकरी. नाकाडोळ्यांतून पाणी आलं ते तिखटाचं म्हणून खपून गेलं.

सकाळच्या गाडीला पोचवायला विमलबाई स्टेशनवर आल्या. डबा हलताना त्यांनी विचारलं, "तुमच्या दाराची चौकट किती विती हाय?" मी हसून हात हलवला.

घरी पोचले तो रविवार होता. दाराला साखळी, बाहेर गल्लीतल्या चपलांची चाहूल. साखळी काढली. घर भरलं, टीव्ही लागला, पाटांची शोधाशोध झाली. त्या गडबडीत मी दाराशी वाकून मोजायला लागले. माझ्या हाताने साडेपाच विती.

विमलबाईंना धाडलेल्या पत्रात देवाला बोलावण्यापलीकडे फार काही लिहिलं नाही, आणि साडेपाचही लिहिलं नाही. पाकिटात चौकटीच्या मापाची सुतळी घातली, दोन्ही टोकांना गाठ मारून.