नहरीत गाणारा सांडू

करमाडच्या सांडूला देवानं गाता गळा दिला नव्हता, हे करमाडात पोराटोरांनाही ठाऊक होतं. तो भजनाला बसला की बुवा त्याच्या हातात टाळ द्यायचे आणि तोंड मिटून ठेवायला सांगायचे. असा हा गडी पोलीस ॲक्शननंतर पोटासाठी औरंगाबादेत आला आणि चक्क गाण्याच्या नोकरीला लागला.

ही नोकरी म्हणजे काही दरबारी गवयाची नव्हे. जुन्या शहराला तेव्हा जमिनीखालच्या नहरींतून पाणी यायचं. माणूस वाकून चालेल एवढा विटा-चुन्याचा बोगदा आणि वर ठिकठिकाणी दगडी झाकणं घातलेली तोंडं. आत पिंपळाच्या मुळ्या शिरायच्या, गाळ साचायचा, बायकांच्या हातून निसटलेले तांबे येऊन अडकायचे. ते साफ करायला नगरपालिकेनं माणसं ठेवली होती. कामाची रीत अशी, की एकानं खाली उतरायचं, दुसऱ्यानं पुढच्या तोंडाशी दोर घेऊन बसायचं, आणि खालच्यानं काम संपेपर्यंत गात राहायचं. गाणं ऐकू येतंय तोवर माणूस धड आहे असं समजायचं.

सांडूचा वरचा जोडीदार वहाब. या कामात त्याची दाढी पिकली होती. पहिल्याच दिवशी त्यानं सांडूला बजावलं, "थांबलास की मी समजणार, गडी गेला. खोकला आला तर तोबी सुरात खोक."

सांडूला एकही गाणं धड येत नव्हतं. म्हणून तो सुचेल ते गायचा. मुकादमाच्या मिशा, करमाडची बैलं, वहाबच्या घरची आंबट डाळ, सगळं एकाच चालीत, आणि ती चालही दर ओळीला पाय घसरून पडायची. बोगद्यात आवाज घुमून दुप्पट व्हायचा. शहागंजातल्या काही घरांच्या अंगणातच नहरीचं तोंड होतं. त्या घरांना हे गायन ऐकल्यावाचून सुटका नव्हती.

त्यातलं एक घर साळूबाईचं. दोन म्हशी बाळगून ती दूध विकायची आणि हाताशी लग्नाची लेक होती, आवडाबाई. सांडूनं तिला एकदा दुधाची चरवी घेऊन जाताना पाहिलं आणि गडी कामातून गेला. वहाबची बायको जाहेदा साळूबाईकडूनच दूध घ्यायची. तिनं सांडूच्या वतीनं शब्द टाकला. नातं बसत होतं, पोरगं निर्व्यसनी होतं, पण साळूबाई 'बघू' म्हणून दिवस ढकलत राहिली. तिचा नवरा विहीर खणताना दरड कोसळून गेला होता. भुईच्या पोटात उतरणारा जावई म्हटलं की तिचं काळीज लटलटायचं. सांडूला हे कळलं तेव्हापासून त्याला भाकर गोड लागेना. नोकरी सोडावी तर बायकोला खायला काय घालायचं, आणि धरून ठेवावी तर बायको मिळायची कुठून?

एका सकाळी तो नेमका साळूबाईच्या अंगणाखाली मुळ्या तोडत होता. झाकण हवेसाठी सरकवून ठेवलेलं. गाण्याच्या गोंगाटात खाली काही ऐकू जायचं नाही अशा समजुतीनं वर साळूबाई लेकीला म्हणाली, "जाहेदा पुन्यांदा विचारून गेली. त्या करमाडच्या पोराचं काय सांगू? तू तरी बोल की."

सांडूचा कोयता जागच्या जागी थांबला, आणि गाणंही. आता ही आवडाबाई काही घाई करणारी नव्हती. तिनं आधी म्हशीला पेंड घातली, मग बादली विसळली. सांडू श्वास रोखून उभा. तेवढ्यात गल्लीतल्या पुढच्या तोंडातून वहाबची हाक बोगद्यात घुमत आली, गात का नाहीस म्हणून. ओ द्यावी तर वरच्या मायलेकींना कळणार की खाली सगळं ऐकू येतंय. तेव्हा हा शहाणा गप्पच राहिला.

मग व्हायचं तेच झालं. वहाबनं बोंब ठोकली. दुकानं तशीच टाकून माणसं धावली, आणि जवळचं तोंड साळूबाईच्या अंगणात म्हणून सगळी तिथंच घुसली. झाकण बाजूला झालं, दोर खाली गेला आणि चिखलानं माखलेला सांडू वर आला, अगदी धडधाकट. वहाबनं त्याला आधी मिठी मारली आणि मग पाठीत दोन ठेवून दिल्या.

साळूबाई भिंतीला धरून उभी होती. आवडाबाई मात्र पुढं आली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"गायचं का थांबलात?"

सांडूला खोटं बोलता येत नसे. येत असतं तरी तेव्हा सुचलं नसतं. "तुमी काय म्हणता ते ऐकत व्हतो," तो म्हणाला.

सारं अंगण हसलं. आवडाबाई हसली नाही. तिचे डोळे भरून आले होते. ती आईकडं वळली.

"माय, गाणं थांबल्याची बोंब उठली तवा माझा जीव खालीवर झाला. तू मला कुठंबी दे, ह्याचं गाणं थांबलं की असंच व्हनार. त्यापरीस ह्यालाच दे. निदान हक्कानं काळजी करीन."

एवढ्या माणसांसमोर लेक असं बोलली म्हणून साळूबाईनं तिला रागवायला हवं होतं. पण तिला रडूच कोसळलं. पदरानं डोळे पुसून तिनं सांडूला हातपाय धुवायला पाणी दिलं आणि वहाबला सांगितलं, जाहेदाला घेऊन संध्याकाळी बोलणी करायला या.

लग्न झालं. सांडूनं पुढं कितीतरी वर्षं नहरी साफ केल्या आणि त्याचा गळा होता तसाच राहिला. तो त्या गल्लीखाली उतरला की साळूबाई धारा काढायच्या सोडून नहरीच्या तोंडाशी येऊन बसायची. आवाज जरा मंदावला की आत वाकून म्हणायची, "जावईबापू, जोरात."