बर्फाचा कापूस

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. आईला नाही, वर्गातल्या कुणाला नाही, डायरीतही नाही — डायरी मी लिहीतच नाही, आमच्या घरात कुठलाच ड्रॉवर एकाच माणसाचा नसतो. आधी इंग्रजीत लिहायला घेतलं होतं. शाळा इंग्रजी माध्यमाची, त्यामुळे अवघड गोष्टी मला इंग्रजीतच सुचतात. पण दोन परिच्छेदांत ते इतकं नेटकं दिसायला लागलं, की जणू दुसऱ्याच कुणाचं काम आहे. म्हणून मराठीत लिहिते आहे.

तसं पाहिलं तर गोष्ट एका गेमची. तुम्हाला हसू येईल — गेमबद्दल कसली कबुली? मीही बरेच दिवस स्वतःला हेच विचारत होते. एवढं काय झालं त्यात?

शाहीन मला अकरावीत भेटली, अमरावतीला, राजापेठेतल्या क्लासमध्ये. ती मूळची अकोल्याची. इथे खालाकडे, म्हणजे मावशीकडे राहून शिकत होती; मावशीचे यजमान, तिचे खालू, राजापेठेतच कॉम्प्युटर दुरुस्त करायचे. मी शेवटच्या बाकावर बसणारी, ती पहिल्या दिवशीच येऊन शेजारी बसली आणि म्हणाली, “तू बोलत काहून नाही वं? फी लागते काय?” मला हसू आलं. मला एखाद्याने इतक्या लवकर हसवणं हे फार क्वचित होतं. तुम्ही मला ओळखत नाही म्हणून सांगते.

बारावीनंतर ती अकोल्याला परत गेली, मी अमरावतीतच इंजिनिअरिंगला. तेव्हा आम्ही तो गेम घेतला. त्यात ठोकळ्यांचं एक मोकळं जग असतं — शेत करायचं, घरं बांधायची, दिवस उगवतो, मावळतो. दोघींनी मिळून खेळायचं, पण जग एकीच्याच लॅपटॉपवर राहतं. आमचं माझ्या लॅपटॉपवर होतं. मी उघडलं तरच शाहीनला आत येता यायचं. ही गोष्ट लक्षात ठेवा. मी या गोष्टीचा किती वापर केला ते पुढे येईलच.

मी शेत करायचे. शाहीनने पहिल्या आठवड्यापासून एकच बांधायला घेतलं — तिच्या अब्बांचं गादीचं दुकान. घरी कापूस पिंजायचा धंदा आजोबांपासूनचा. दारातली उंच पायरी, पिंजायचं यंत्र, दाभण खोचून ठेवायची उशी, सगळं. जगाचं नावही तिनेच ठेवलं, ‘अब्बा की दुकान’. आता गेममध्ये कापूस नव्हता. मग तिने डोंगरावरून बर्फ आणला आणि दुकानात त्याचे ढीग लावले. तिने अब्बांना — मी त्यांना चाचा म्हणते — दाखवलं तेव्हा ते म्हणाले होते, “अकोल्यात बर्फ भरला का वं दुकानात? मे महिन्यात माल टिकंल का हा?” दिव्याजवळ तो बर्फ खरंच वितळायचा. म्हणून दुकानात दिवा लावायचा नाही, असा शाहीनचा नियम होता. उजेड फक्त दारातून.

मला ते दुकान आवडायचं. मी खरं दुकान कधीच पाहिलं नाही, पण त्यात जाऊन नुसती उभी राहायचे.

तर — त्या गेमिंगच्या प्लॅटफॉर्मवर प्रत्येकाची यादी असते. कुठले गेम आहेत, किती तास खेळलात, या क्षणी काय खेळताय. जोडलेल्या मैत्रिणींना ते सगळं दिसतं. मी लॉगिन केलं, की अकोल्यात शाहीनच्या स्क्रीनवर माझं नाव हिरवं व्हायचं आणि मिनिटभरात मेसेज यायचा, “उघड ना वं दुकान, आली मी.” आणि मग दोन तास ती बोलायची. तिची खाला, कॉलेजातल्या पोरी, घरचे सगळे. चांगलं बोलायची. पण काही दुपारी मला कुणीच नको असायचं. आमच्या घरात दार लावलं तर “काय झालं?” म्हणून तीन माणसं येतात. त्या जगात तरी एकटीने चालावं असं वाटायचं.

मी तिला सांगू शकत होते — आज नको, उद्या खेळू. चार शब्दांचं काम. ती चिडलीही नसती. मी नाही सांगितलं. का? मला नाही म्हणताना समोरच्याचा चेहरा कसा पडतो ते दिसतं, आणि मग मी माघार घेते. पण हे कारण म्हणून सांगत नाहीये. ती समोर नव्हतीच. नव्वद-शंभर किलोमीटरवर होती.

मी आधी ‘ऑफलाइन दिसा’ असं करून पाहिलं. पण तेव्हाही तास वाढलेले दिसतात, शेवटचं कधी खेळलो ते दिसतं. मग सेटिंग्ज शोधत गेले आणि सापडलं. एखादा गेम खासगी करता येतो. नावावर राइट-क्लिक, मेनूत एक ओळ, तिच्यावर टिक. मग तो गेम तुमच्याकडे आहे हेच कुणाला दिसत नाही.

टिक केल्यावर किती हलकं वाटलं, ते मला अजून आठवतं. त्याची लाज मला आत्ता वाटते. तेव्हा वाटली नाही.

दोन दिवसांनी शाहीनचा मेसेज आला. “मधू, तुह्या लिस्टीत आपला गेम दिसून नाही राहिला. काढला काय?”

मी लिहिलं, “हो. अभ्यास होत नव्हता.”

तिने लगेच लिहिलं, “बरं केलं. इंजिनीअर हो बापा तू. आपलं दुकान काही पळून नाही जात.”

ती थांबली. आणि मी जवळजवळ वर्षभर खेळत राहिले. एकटी. तिच्या दुकानासमोरून शेताकडे जायचे, परत यायचे. एकदा — हे बारीकसं आहे, पण सांगते — अंधार वाटला म्हणून मी दुकानात दिवा लावला आणि कोपऱ्यातला ढीग वितळला. डोंगरावर जाऊन बर्फ आणून भरला. तो आधीसारखा नीट बसला नाही.

त्याच वर्षी त्यांचं खरं दुकान गेलं. रस्ता रुंद करायचा होता. त्या रांगेतली सगळी दुकानं पाडली. शाहीनने फोनवर सांगितलं तेव्हा तिचा आवाज पहिल्यांदा बारीक ऐकला. अब्बांचं सांगत होती. सकाळी आंघोळ करून शर्ट घालतात आणि खुर्चीवर बसतात, जायला कुठे नाही. दुकानाचे फोटो शोधले तर दोनच निघाले, आणि दोन्हीत ईदच्या कपड्यांतली भावंडं पुढे उभी. रोजच्या दुकानाचा आतून फोटो कोण काढतं?

मग ती म्हणाली, “मधू, आपल्या गेममधी सगळं आहे ना. एक डाव परत टाक तो गेम. एकदा उघड फक्त. मी अब्बाले आत फिरवतो अन् व्हिडिओ काढून घेतो. अर्धा घंटा बस.”

त्या क्षणी मी काय करायला हवं होतं ते तुम्हाला कळतंय. मलाही कळत होतं. पण जग उघडलं असतं तर वर कोपऱ्यात दिवसांचा आकडा दिसला असता. ती गेल्यानंतरचे शेकडो दिवस. वाढलेलं शेत, माझी नवी कुंपणं, तो पुन्हा भरलेला ढीग. तिला कळलं असतं, की मी इथेच होते आणि दार आतून लावून घेतलं होतं.

मी म्हणाले, “अगं, गेम काढला तेव्हा ते जगही गेलं.”

शाहीन म्हणाली, “असं कसं जाईन? खालू आहेत ना आपले. राजापेठेत दुकान काय उगाच टाकलं? मेलेल्या डिस्कमधून लोकायच्या लग्नाच्या सीड्या काढल्या त्यायनं. रविवारी येऊन राहिली मी. अब्बाले पण आणतो, घरी बसून बसून वेडे होतील ते.”

इथपर्यंत मी फक्त भित्री होते. भित्रेपणाला लोक समजून घेतात. मला तिथे थांबता आलं असतं.

शनिवारी दुपारी आई झोपली होती. मी लॅपटॉप उघडला, गेम सुरू केला. आत गेले नाही. बाहेरच्या यादीतच त्या जगाच्या नावापुढे कचऱ्याच्या डब्याचं चिन्ह असतं, ते दाबलं. चुकून कुणी पुसू नये म्हणून तिथे एक सोय आहे — पुसायचं असेल तर जगाचं पूर्ण नाव टाइप करावं लागतं. मी टाइप केलं. घाईत एक अक्षर राहिलं. बटण पेटलं नाही.

मी हात बाजूला घेतले. बाहेर भंगारवाला ओरडत गेला. तो लांब जाईपर्यंत मी बसून होते. मग पहिल्यापासून परत टाइप केलं, एकेक अक्षर बघून. अब्बा की दुकान. बटण पेटलं. मी दाबलं.

एवढ्यावर भागणार नव्हतं. प्लॅटफॉर्म प्रत्येक जगाची एक प्रत स्वतःकडे ठेवतो. तिथूनही जायला हवं होतं; गेम बंद केला, की तिकडची प्रतही पुसली जाते. मी गेम बंद केला आणि ते छोटं चक्र फिरून टिक येईपर्यंत थांबले. टिक आली. मग गेम लॅपटॉपवरून काढून टाकला.

हेच ते. हेच सांगायचं होतं. खोटं उघडं पडू नये म्हणून मी ते खरं करून टाकलं.

रविवारी ते दोघं बडनेरा स्टेशनवर उतरून ऑटोने आले. चाचांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. आईसाठी त्यांनी एक उशी आणली होती, शेवटच्या कापसातली, स्वतः भरलेली. “आमचं दुकान संभाळलं तुमच्या पोरीनं,” असं ते आईला म्हणाले. आईला काही कळलं नाही. तिने चहा टाकला.

खालूंच्या दुकानात चाचांना स्टुलावर बसवलं. शाहीन त्यांच्यासाठी पाणी आणायला गेली. खालू पुसलेल्या फाइली शोधायचं काहीतरी चालवून बसले होते, मी त्यांच्या मागे उभी. नावं सरकत होती. एका ओळीवर ते थांबले. जगाचं नाव होतं. पुढे पुसल्याची तारीख — कालची, दुपारची. त्यांनी ती ओळ उघडून पाहिली. आत काही उरलं नव्हतं. मग त्यांनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं. किती वेळ, ते मला सांगता येणार नाही. मी त्यांच्या खिशातल्या स्क्रूड्रायव्हरकडे बघत राहिले.

शाहीन आत आली तेव्हा त्यांनी ती खिडकी बंद केली होती. “नहीं मिला, भाईजान,” ते चाचांना म्हणाले. मग लॅपटॉपची स्क्रीन फडक्याने पुसून तो माझ्या हातात दिला. हळूच म्हणाले, “लॅपटॉप एकदम ठीक है आपका. कुछ खराबी नहीं.”

ते गप्प का राहिले, मला माहीत नाही. तेव्हापासून मी त्या गल्लीतून जात नाही.

मला रडू आलं. सगळ्यांना वाटलं, दुकान गेल्याचं. शाहीनने माझे खांदे धरले आणि चाचा स्टुलावरून उठून जवळ आले. “जाऊ दे बेटा. मशीनचा काय भरोसा. तू तर मेहनत केली.” त्यांचा हात माझ्या डोक्यावर होता. मी तो ठेवू दिला.

ती उशी आई वापरते. मान दुखायची थांबली म्हणते.

हे सगळं होऊन सहा-सात महिने झाले. गेल्या आठवड्यात शाहीनचा मेसेज आला. तिने स्वतःच्या लॅपटॉपवर नवीन जग उघडलंय, दुकान पुन्हा बांधायला घेतलंय. अब्बा शेजारी बसून सांगतात आणि दोघांची भांडणं होतात. “डाव्या भिंतीवर अडलं गाडं. अब्बा म्हणतात कापडाचे तागे होते, मी म्हणतो तराजू. मीच बांधली अन् मीच भुलली पहा. तू तर आतमधी जाऊन उभी राहायची. तुले आठवते काय वं?”

डाव्या भिंतीवर तीन फळ्या होत्या. वरच्या दोन फळ्यांवर तागे — निळ्या पट्ट्यांचे चार, लाल पट्ट्यांचे दोन. खालची फळी अर्धीच, कारण तिच्या पुढच्या टोकाला तराजू टांगलेला होता, त्याचं एक पारडं थोडं खाली. दोघंही बरोबर आहेत. मी त्या भिंतीसमोर इतक्या दुपारी उभी राहिले आहे, की डोळे मिटून काढून देईन. पण तिच्या लेखी मी ते दुकान शेवटचं दीड-दोन वर्षांपूर्वी पाहिलं, आणि तेव्हाचं इतकं कुणाला आठवतं?

मी तिला लिहिलं, “नाही गं, नाही आठवत.”